पालवणकर बाळू : एका अस्पृश्य गोलंदाजाची जीवनकहाणी

जरीपटका, इंदोरा या आपल्या वस्त्यांतून संध्याकाळी फेरी मारली तर मोकळी जागा दिसेल तिथे विटा रचून क्रिकेट खेळणारी पोरे भेटतात. त्यांना खेळाडूंची नावे तोंडपाठ असतात. हिंदुस्थानचे पहिले कसोटी कप्तान सी. के. नायडू हे आपल्या नागपूरचे, हेही पुष्कळांना ठाऊक असते. पण नायडूंनी १९१६ साली मुंबईच्या चौरंगी सामन्यांत प्रथम पाऊल टाकले, त्याच्या कितीतरी आधीपासून त्याच हिंदू संघाला सामने जिंकून देणारा एक डावखुरा गोलंदाज होता. तो अस्पृश्य म्हणून गणल्या गेलेल्या जातीत जन्मला होता. त्याचे नाव पालवणकर बाळू. हे नाव मात्र या पोरांना कोणी सांगत नाही.

काही बांधव विचारतील, या माणसाचे चरित्र आपल्या पानांवर कशाला? १९३२ साली आणि १९३७ साली हे गृहस्थ परमपूज्य बाबासाहेबांच्या विरुद्ध बाजूला होते, धर्मांतराला त्यांचा विरोध होता. खरे आहे, आणि ते पुढे झाकून ठेवलेले नाही. परंतु नुकतीच दीक्षा घेतलेल्या घरांत, विशेषतः जिथे एखादा मामा किंवा चुलता अजून कुंपणावर बसलेला आहे तिथे, एक प्रश्न हटकून निघतो. माणसाने शिकावे, नाव कमवावे, कर्तबगारी दाखवावी, म्हणजे आपोआप मान मिळतो. त्यासाठी बापजाद्यांचा धर्म सोडण्याचे काय कारण? या प्रश्नाचे उत्तर पुस्तकात शोधण्यापेक्षा ज्याने आपले सारे आयुष्य लावून ते शोधले त्या माणसाकडे पाहावे.

बाळूंचा जन्म १८७६ च्या सुमारास धारवाडला झाला. घराणे मूळचे कोकणातले, पालवण गावावरून पालवणकर हे आडनाव आले. जात चांभार. वडील लष्करी नोकरीत होते, त्यामुळे मुलांचे बालपण पुण्याच्या लष्करी वातावरणात गेले. हे वाचताना आपल्याला महूच्या छावणीची आणि सुभेदार रामजींची आठवण होणे साहजिक आहे. इंग्रजांच्या फौजेने अस्पृश्यांच्या कित्येक घरांत अक्षर नेले, पगार नेला; पालवणकरांच्या घरात तिने बॅट आणि चेंडूही नेला. गोऱ्या अंमलदारांनी टाकून दिलेल्या सामानावर बाळू आणि त्यांचे धाकटे भाऊ शिवराम खेळायला शिकले.

घरची स्थिती अशी की शाळा फार दिवस परवडली नाही. पोरवयात बाळू पुण्यातल्या पारशी लोकांच्या एका क्रिकेट क्लबात नोकरीला लागले. काम खेळपट्टी झाडण्याचे आणि तिच्यावर रोलर फिरवण्याचे. पगार महिना तीन रुपये. एखादा सभासद सरावाला आला आणि त्याला चेंडू टाकायला कोणी नसले तर बाळूंना हाक मारत. पुढे १८९२ साली ते युरोपियनांच्या पूना क्लबात गेले, तिथे पगार एक रुपयाने वाढला. खेळपट्टी आखणे, जाळी उभारणे, टेनिसच्या मैदानावर चुन्याच्या रेघा मारणे ही रोजची कामे. तिथल्या एका गोऱ्या साहेबाने त्यांना गोलंदाजी करायला लावली, आणि या पोराच्या डाव्या हातात काही निराळे आहे हे सर्वांच्या लक्षात आले.

त्या काळी युरोपियनांचा सर्वांत नामांकित फलंदाज होता कॅप्टन ग्रेग. जॉन ग्लेनी या त्याच्या नावाचा चेंदामेंदा होऊन जंगली ग्रेग हेच नाव पडले होते. तो इतरांच्या तासभर आधी मैदानावर येई आणि बाळूंकडून चेंडू टाकून घेई. बाळूंनी त्याला बाद केले की तो आठ आणे बक्षीस देई, असे सांगतात. हिशेब करून पाहा. महिन्याचा पगार चार रुपये, म्हणजे आठ वेळा ग्रेग बाद झाला की महिन्याभराच्या रोलर ओढण्याइतकी कमाई. अशी शेकडो तासांची गोलंदाजी बाळूंनी केली. चेंडू किती उंच सोडायचा, कुठे टाकायचा, कोणता चेंडू वळवायचा आणि कोणता सरळ जाऊ द्यायचा, हे सारे त्या नेटमध्ये घोटले गेले. २००१ साली लगान नावाचा चित्रपट आला, त्यात कचरा नावाचा अस्पृश्य पोरगा हाताच्या व्यंगामुळे चेंडू वळवतो. तो चित्रपट पाहताना आपल्या लोकांना आनंद झाला हे खरे, पण बाळूंचा चेंडू व्यंगाने वळत नव्हता. त्यामागे वर्षानुवर्षांची मेहनत होती आणि तल्लख बुद्धी होती.

या सगळ्या काळात पूना क्लबात बाळूंच्या हाती एकदाही बॅट देण्यात आली नाही. फलंदाजी ही साहेबाची, चेंडू टाकणे हे नोकराचे. गोऱ्यांच्या खेळातही वर्णव्यवस्था होती म्हणायची.

पुण्याच्या हिंदू क्लबाला युरोपियनांशी सामना खेळायचा होता. आता पंचाईत पडली. गावातला सर्वांत चांगला गोलंदाज एक चांभार! त्याला घ्यावे तर धर्म बुडतो, न घ्यावे तर सामना बुडतो. क्लबात दोन तट पडले. स्वतः ग्रेगनेही सांगून टाकले की बाळूला बाहेर ठेवतील तर हिंदू मूर्ख ठरतील. शेवटी बाळूंना संघात घेतले. मैदानावर त्यांनी टाकलेला चेंडू ब्राह्मण खेळाडू हातात घेत, झेलत, परत त्यांच्याकडे फेकत. चामड्याच्या त्या चेंडूला विटाळ होत नव्हता. परंतु चहाची वेळ झाली की इतर सर्व जण पॅव्हेलियनमध्ये बसून चिनी मातीच्या कपातून चहा पीत आणि बाळूंना बाहेर, फेकून देण्याच्या मातीच्या बोळक्यातून चहा मिळे. जेवणाचे टेबल वेगळे, ताट वेगळे. तोंड धुवायचे झाले तर मैदानाच्या कोपऱ्यात एक अस्पृश्य नोकर पाणी घेऊन येई.

हे कोणते पुणे होते तेही लक्षात घ्यावे. १८९० साली पंचहौद मिशनमध्ये पाद्र्यांच्या हातचा चहा घेतला म्हणून रानडे, टिळक अशा मोठमोठ्या ब्राह्मणांवर ग्रामण्य झाले आणि त्यांना प्रायश्चित्त घ्यावे लागले. जिथे न्यायमूर्तींचीच चहाच्या पेल्यावरून अशी अवस्था, तिथे चांभाराच्या पोराला कपबशी कोण देणार?

पुढे पुण्याचा संघ साताऱ्याच्या गोऱ्यांच्या जिमखान्याशी खेळायला गेला. बाळूंची फिरकी चालू नये म्हणून सातारकरांनी आठवडाभर खेळपट्टीवर रोलर फिरवून ती दगडासारखी केली होती. तरी बाळूंनी सात गडी बाद केले आणि सामना जिंकून दिला. पुण्यात सत्कार झाला. त्या समारंभात न्यायमूर्ती रानड्यांनी खेळाडूंना सुनावले की ज्याच्याबरोबर खेळता त्याच्याबरोबर खाण्यापिण्यातही मागे राहू नये. दुसऱ्या एका प्रसंगी टिळकांनीही बाळूंचे कौतुक केले. गळ्यात हार पडला, भाषणे झाली. पण मान देण्याची ही रीत आपल्या ओळखीची आहे: ओट्यावर हार घालायचा आणि घराच्या उंबऱ्यावर थांबवायचे.

१८९६ साली पुण्या-मुंबईकडे प्लेगची साथ आली, त्या सुमारास बाळू मुंबईला आले. काही काळ पलटणीत होते, पुढे बी. बी. अँड सी. आय. रेल्वेत नोकरी मिळाली. मुंबईत परमानंददास जीवनदास हिंदू जिमखान्यात त्यांना घेण्यावरून पुन्हा कुरबूर झाली. काही गुजराती सभासदांचा विरोध होता. परंतु कप्तान कीर्तिकर ठाम राहिले आणि बाळू आत आले. मुंबई पुण्यापेक्षा पुढारलेली, असे म्हणायला येथे जागा आहे. इथे हळूहळू त्यांचे पान इतर खेळाडूंच्या पंक्तीत आले.

फेब्रुवारी १९०६ मध्ये बॉम्बे जिमखान्याच्या मैदानावर हिंदू विरुद्ध युरोपियन असा मोठा सामना झाला. त्या मैदानाच्या पॅव्हेलियनमध्ये एतद्देशीयाला सभासद म्हणून शिरता येत नसे. वंगभंगाच्या आणि स्वदेशीच्या चळवळीचे दिवस, त्यामुळे हजारो लोक पाहायला लोटले. हिंदूंनी दोन डावांत २४२ आणि १६० धावा केल्या. युरोपियनांचे डाव १९१ आणि १०२ वर आटोपले. हिंदू १०९ धावांनी जिंकले. बाळूंच्या डाव्या हाताचा या विजयात फार मोठा वाटा होता, आणि संघात शिवरामही होते. राज्यकर्त्यांना त्यांच्याच खेळात हरवले म्हणून देशभर आनंद झाला. इंडियन सोशल रिफॉर्मर या सुधारकी पत्राने तर लिहिले की या चांभार बंधूंना जिमखान्यात घेतल्यामुळे हिंदू तरुणांची मने जेवढी मोकळी झाली तेवढी दुसऱ्या कशाने झाली नसतील. ही आशा खोटी होती असे म्हणवत नाही. बाळूंनी ती मनापासून बाळगली.

आता एका गोष्टीकडे लक्ष द्या. हे सामने धर्मावर चालत. पारशांचा संघ, हिंदूंचा संघ, युरोपियनांचा संघ, आणि १९१२ पासून मुसलमानांचाही संघ. म्हणून चौरंगी सामने. गावच्या देवळात ज्याला हिंदू म्हणून पायरी चढू देत नव्हते, तोच मैदानावर हिंदूंची अब्रू राखणारा हिंदू. शिरगणतीला आणि सामन्याला आपण हिंदू, विहिरीला आणि देवळाला मात्र नाही!

१९११ साली पतियाळाच्या महाराजांच्या नेतृत्वाखाली अखिल हिंदुस्थानचा पहिला संघ विलायतेला गेला. महाराज कप्तान, परंतु राजेसाहेबांचे लक्ष पंचम जॉर्जच्या राज्यारोहणाच्या समारंभात. लवकरच ते संघ सोडून गेले, आणि जाताना संघातला उत्तम फलंदाज मिस्त्री हा त्यांचा चिटणीस असल्यामुळे त्यालाही घेऊन गेले. उरलेल्या संघाने २३ सामन्यांपैकी १५ गमावले. या पडझडीत बाळू एकटे तटबंदीसारखे उभे होते. खांदा दुखत असताना त्यांनी त्या उन्हाळ्यात ११४ बळी घेतले, सरासरी १९ धावांपेक्षा कमी. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध एका डावात आठ जण बाद केले. लेस्टरशायर परगण्याच्या संघाविरुद्ध दोन डावांत मिळून अकरा बळी घेऊन त्यांनी हिंदुस्थानला विजय मिळवून दिला. त्यानंतर सॉमरसेटविरुद्ध शिवरामने नाबाद शतक ठोकून एका गड्याने सामना जिंकला. परगण्यांच्या संघांविरुद्ध मिळालेले हे दोन विजय, आणि दोन्हींमागे पालवणकर भाऊ.

बाळू परतले तेव्हा मुंबईच्या अस्पृश्य समाजाने त्यांचा सत्कार केला. त्या प्रसंगाचे मानपत्र एल्फिन्स्टन कॉलेजात शिकणाऱ्या भीमराव आंबेडकर नावाच्या विद्यार्थ्याने तयार केले होते, असे इतिहासकार रामचंद्र गुहा यांनी नमूद केले आहे. वीस वर्षांच्या त्या तरुणाला बाळूंचा अभिमान वाटला असल्यास त्यात नवल ते काय! आपल्यातला एक माणूस गुणांच्या जोरावर साहेबाच्या देशात जाऊन नाव काढून आला होता. त्या काळी आपल्या लोकांपुढे अशी उदाहरणे होती किती?

एव्हाना बाळूंचे तीन धाकटे भाऊ, शिवराम, गणपत आणि विठ्ठल, हेही हिंदू संघात खेळू लागले होते. एकाच चांभार घरातले चार भाऊ! मग कप्तानपदाचा प्रश्न उभा राहिला. संघात बाळूंइतका जुना, जाणता आणि विजय मिळवून देणारा खेळाडू दुसरा नव्हता. पण वर्षामागून वर्षे गेली, कप्तान होत राहिले ते उच्चवर्णीयच. १९१३ साली एम. डी. पै यांना कप्तान केले. पै हे गृहस्थ सरळ मनाचे असावेत, कारण त्यांच्याच गौड सारस्वत ज्ञातीने केलेल्या सत्कारात त्यांनी सांगून टाकले की हा मान वास्तविक बाळूंचा होता. असे बोलायला धैर्य लागते. परंतु निवड करणारे पै नव्हते.

गोलंदाज म्हणून चांभार चालतो, कप्तान म्हणून का चालत नाही? कारण उघड आहे. गोलंदाज सांगितलेले काम करतो. कप्तान हुकूम सोडतो. तू इथे उभा राहा, तू तिथे जा, हे ब्राह्मणाला, प्रभूला, वाण्याला सांगतो. हात वापरायला घेणे निराळे आणि त्या हाताचा हुकूम मानणे निराळे.

हे दुखणे फक्त आपल्या देशाचे नव्हते. अमेरिकेत बेसबॉल नावाचा चेंडू-दांडूचा खेळ आहे, आपल्याकडे क्रिकेटचे वेड तसे तिथे त्याचे. १८८४ साली टोलेडो शहराच्या संघातून मोझेस फ्लीटवूड वॉकर हा कृष्णवर्णीय खेळाडू सर्वांत वरच्या दर्जाच्या सामन्यांत खेळला. गोऱ्यांतला नामांकित खेळाडू कॅप ॲन्सन काळ्यांबरोबर मैदानात उतरायला तयार नसे. १८८७ साली इंटरनॅशनल लीगच्या संघमालकांनी यापुढे काळ्या खेळाडूंशी नवे करार करायचे नाहीत असे ठरवले, आणि हळूहळू ही बंदी सगळीकडे पसरली. वरच्या लीगांत तर लिहिलेला कायदा कुठे सापडत नाही. सगळा समजुतीचा मामला. अलिखित कायदा किती पक्का असतो हे आपल्याला कोणी शिकवायला नको. १९४७ साली ब्रुकलिनच्या संघाने जॅकी रॉबिन्सनला मैदानात उतरवले तोपर्यंत त्या वरच्या दर्जाच्या खेळाचा दरवाजा बंद राहिला. साठ वर्षे! वॉकर निराश झाला आणि १९०८ साली त्याने एक पुस्तिका लिहून आपल्या लोकांना सांगितले की हा देश सोडून आफ्रिकेला परत जाण्यावाचून गत्यंतर नाही.

१९१३ साली, म्हणजे कप्तानपद पै यांना मिळाले त्याच वर्षी, बाबासाहेब न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात गेले. अमेरिकेतील काळ्या लोकांच्या प्रश्नाचा त्यांनी पुढेही पाठपुरावा केला. १९४६ साली त्यांचे नेते ड्यू बॉइस यांना पत्र लिहून दोन्ही प्रश्नांतले साम्य त्यांनी दाखवले होते.

१९२० साल उजाडले. त्या वर्षी अमेरिकेत रूब फॉस्टर या कृष्णवर्णीय खेळाडूने गोऱ्यांच्या दारात उभे राहणे सोडून आपल्या लोकांची स्वतंत्र निग्रो नॅशनल लीग काढली. आणि त्याच वर्षी मुंबईत चौरंगी सामन्यांसाठी हिंदू संघ जाहीर झाला, त्यात बाळूंचे नावच नव्हते. पै आजारी होते. त्यांच्या जागी कप्तान केले पुण्याचे दि. ब. देवधर यांना. देवधर मोठे खेळाडू होते, त्याबद्दल वाद नाही, पण अनुभवाने कितीतरी धाकटे. तेव्हा मात्र विठ्ठल आणि शिवराम यांची सहनशक्ती संपली. दोघांनी संघातून अंग काढून घेतले आणि वर्तमानपत्रात जाहीर निवेदन दिले. जातीवरून आम्हाला असे वागवणार असाल तर स्वाभिमान गमावून आम्ही खेळणार नाही, असा त्याचा आशय होता. चवदार तळ्याला अजून सात वर्षे होती. चळवळ नाही, संघटना नाही, पाठीशी पक्ष नाही; दोन नोकरदार भावांनी आपल्या हिमतीवर हे केले. बाळूंच्या घरातला हा प्रसंग मुलांना मुद्दाम सांगावा असा आहे.

त्याचा परिणाम झाला. गांधींच्या असहकारितेचे दिवस होते, अस्पृश्यतेच्या विरोधात बोलले जात होते, लोकमत भावांच्या बाजूने वळले. अंतिम सामन्यासाठी पै कप्तान म्हणून परतले, बाळूंना उपकप्तान म्हणून बोलावले, आणि भाऊही आले. सामना चालू असताना पै मैदानाबाहेर गेले आणि काही वेळ संघाची सूत्रे बाळूंच्या हातात आली. वय चाळिशीच्या पुढे गेलेले. हाच त्यांचा शेवटचा मोसम. हिंदू संघाचे रीतसर नेमलेले कप्तान ते कधीच झाले नाहीत.

जे थोरल्याला मिळाले नाही ते धाकट्याला मिळाले. १९२३ साली विठ्ठल कप्तान झाले. अंतिम सामन्यात युरोपियनांचा पराभव झाला आणि उच्चवर्णीय प्रेक्षकांनी विठ्ठलना खांद्यावर उचलून घेतले. नागपूरचे सी. के. नायडूही त्या वर्षांत विठ्ठलच्या हुकुमाखाली खेळले. हे मिळवायला घराला किती वर्षे लागली? बाळूंनी पुण्यात मातीच्या बोळक्यातून चहा घेतला तेव्हापासून मोजले तर पंचवीसहून अधिक.

आणि इथेच बाळूंची आणि बाबासाहेबांची वाट वेगळी झाली. बाळूंनी या इतिहासाचा अर्थ असा लावला की सवर्ण हिंदूंचे मन बदलते, उशिरा का होईना बदलते, त्यासाठी धीर धरावा, आत राहावे. बाबासाहेबांनी निराळा अर्थ लावला. एका घरात चार असामान्य खेळाडू निपजले तेव्हा कुठे एकाला हा मान मिळाला. बाकी कोट्यवधी साध्या माणसांनी, ज्यांना चेंडू वळवता येत नाही, त्यांनी काय करायचे? विहिरीचे पाणी मिळण्यासाठी प्रत्येकाने शतक ठोकायचे काय?

१९३२ साली जातीय निवाड्याने अस्पृश्यांना स्वतंत्र मतदारसंघ दिले. बाळूंनी त्याला विरोध केला. आपल्या नागपूरच्या डॉ. मुंज्यांशी करार करणारे मद्रासचे एम. सी. राजा, त्यांच्या बाजूला ते होते. २० सप्टेंबरला येरवड्याच्या तुरुंगात गांधींचे उपोषण सुरू झाले, २४ तारखेला पुणे करार झाला. स्वतंत्र मतदारसंघ गेले, राखीव जागा १४८ ठरल्या. त्या करारावरील सह्यांत बाबासाहेबांची सही आहे आणि पी. बाळू हीही सही आहे. १९३३ साली बाळू हिंदू महासभेतर्फे मुंबई म्युनिसिपालिटीची निवडणूक लढले आणि हरले. १९३५ साली येवल्याला बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली तेव्हा हा मार्ग आत्मघाताचा आहे असे मत त्यांनी दिले.

१९३७ च्या निवडणुकीत मुंबईच्या राखीव जागेवर बाबासाहेब स्वतंत्र मजूर पक्षातर्फे उभे होते. काँग्रेसने त्यांच्यासमोर कोणाला उभे केले? बाळूंना. ज्याला हिंदू जिमखान्याने कप्तानपद दिले नाही, त्याला काँग्रेसने सेनापती करून पुढे पाठवले, तेही आपल्याच समाजाच्या नेत्याविरुद्ध. बाबासाहेबांना १३,२४५ मते मिळाली, बाळूंना ११,२२५. फरक २,०२० मतांचा. मुंबईच्या लोकांच्या मनात या खेळाडूबद्दल किती प्रेम होते ते या आकड्यांवरून कळते, आणि काँग्रेसने माणूस किती हुशारीने निवडला तेही कळते.

अमेरिकेत पुढे हुबेहूब असेच घडले. काळ्या लोकांचे महान गायक आणि नेते पॉल रॉबसन सरकारच्या डोळ्यांत सलू लागले, तेव्हा १९४९ साली काँग्रेस म्हणजे तिथल्या संसदेच्या एका समितीपुढे त्यांच्याविरुद्ध बोलण्यासाठी कोणाला बोलावले? बेसबॉलपटू जॅकी रॉबिन्सनला. मैदानाचे दार ज्याला उघडून दिले त्यालाच. रॉबिन्सनने आयुष्याच्या शेवटी त्या गोष्टीबद्दल खंत नोंदवून ठेवली.

बाळूंचा दोष सांगताना काही लोक त्यांची जात काढतात. चांभार मंडळी अशीच, असे म्हणतात. असे बोलणाऱ्यांनी जरा थांबावे. बाबासाहेबांच्या बाजूने उभे राहिलेले चांभार होते आणि विरुद्ध उभे राहिलेले महारही होते. जात काढून माणूस मोजायची सवय दीक्षेनंतरही तोंडातून जात नसेल तर बावीस प्रतिज्ञा पुन्हा एकदा वाचायला हव्यात. बाळू भाडोत्री नव्हते. ज्या चार मित्रांनी त्यांना पंक्तीत बसवले त्यांच्यावर त्यांनी विश्वास टाकला, आणि त्या चारांवरून साऱ्या समाजाचा अंदाज बांधला. त्यांची चूक झाली ती या अंदाजात.

निवडणुकीनंतर बाळू सार्वजनिक जीवनातून मागे सरले. भाऊ गणपत तरुणपणीच गेले होते, शिवरामही वारले. धर्मावर बेतलेले ते सामने, जे शेवटी पंचरंगी झाले होते, १९४५-४६ च्या मोसमानंतर कायमचे बंद पडले. देशाचा पहिला कसोटी सामना १९३२ साली झाला तेव्हा बाळूंचे वय पन्नाशीच्या पुढे होते, त्यामुळे कसोटी खेळाडूंच्या यादीत त्यांचे नाव नाही. पहिल्या दर्जाच्या ३३ सामन्यांत त्यांनी १७९ बळी घेतले, सरासरी १५.२१ धावांची.

४ जुलै १९५५ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. अंत्ययात्रेला क्रिकेटपटू होते आणि अस्पृश्य समाजाचे पुढारीही होते. त्यानंतर पंधरा महिन्यांनी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, आपल्या नागपुरात दीक्षाभूमीवर लाखो लोक जमले.

धाकटे विठ्ठल १९७१ पर्यंत होते. त्यांनी १९४८ साली माझे क्रीडा-जीवन हे आत्मचरित्र मराठीत प्रसिद्ध केले. बाळूंच्या घराविषयी पुष्कळ काही त्यात आहे. एखाद्या जुन्या वाचनालयाच्या कपाटात ते कोणाला सापडले तर घरातल्या शिकणाऱ्या मुलाकडून त्याची नीट प्रत काढून घ्यावी आणि ती बुद्धविहारात ठेवावी.